आतली सतरा वर्षं

ज्या साली मराठवाड्यातली ज्वारी उभ्या रानात करडी पडली, त्या साली वैजयंता घुले एकोणतीस वर्षांची होती. रोगाला लोक नुसतं 'राख' म्हणायचे. पानावर बोट फिरवलं की बोटाला भुकटी लागायची आणि आठ दिवसांत ज्वारीचं उभं ताट आडवं व्हायचं. पहिल्या हंगामात चार तालुके गेले, दुसऱ्या हंगामात अर्धं राज्य. तिसऱ्या हंगामात गावागावांतल्या चुलींवर भाकरीऐवजी रेशनचा भात शिजायला लागला आणि म्हातारी माणसं जेवून उठताना 'पोट भरलं, पण जेवल्यासारखं वाटलं नाही' म्हणायला लागली.

वैजयंताला सगळे वैजाच म्हणत. ती जालन्याजवळ एका बियाणे कंपनीच्या प्लॉटवर क्रॉसिंगचं काम करायची. ज्वारीचं फूल तांदळाच्या कणीएवढं. त्यातले तीन परागकोश चिमट्यानं अलगद काढायचे, कणसावर कागदी पिशवी चढवायची, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी दुसऱ्या झाडाचे पराग आणून त्यावर झटकायचे. दोन वाणांचं लग्न लावायचं ते असं. कंपनीनं यासाठी यंत्रं आणून पाहिली होती. यंत्राचा चिमटा फूल चिरडायचा. वैजाच्या चिमट्याखाली शंभरातलं एखादंच फूल दुखावलं जायचं.

राखेला दाद न देणारी एक रानज्वारी डोंगरात सापडली होती. दाणा मोहरीएवढा, चव कडू. तिची ताकद आपल्या ज्वारीत आणायची आणि कडूपणा मागे ठेवायचा, तर पंधरा पिढ्या वाढवाव्या लागणार होत्या. पंधरा पिढ्या म्हणजे वर्षाला तीन पिकं घेतली तरी पाच वर्षं. तेवढी वर्षं कुणाजवळच नव्हती.

मग कंपनीनं पुण्याहून डॉ. शिरीष नाडगौडांना आणलं. पन्नाशीतला किडकिडीत माणूस. त्यांनी क्रॉसिंगच्या बावीस बायकांना कॅन्टीनमध्ये बसवलं आणि पहिलाच प्रश्न विचारला, "ताक घुसळताना रवी कुठं जाते?"

"आमच्याकडं मिक्सर आहे, सर," शकीला म्हणाली. बायका खळखळून हसल्या.

"मिक्सर तर मिक्सर," नाडगौडाही हसले. "पातं आपल्या जागेवरच फिरतं. पण त्याच्यासोबत ताकही फिरायला लागतं. मी पात्याच्या जागी प्रकाश घातलाय. आणि ताकाच्या जागी काळ आहे."

मग त्यांनी सावकाश समजावून सांगितलं. प्रकाशाला वजन नसतं, पण ऊर्जा असते. जिथं ऊर्जा दाटते, तिथं भोवतालचं अवकाश किंचित वाकतं. अवकाश आणि काळ हे एकाच कापडाचे आडवे-उभे धागे. एक ओढला की दुसरा ओढला जातोच. हे शास्त्रज्ञांना कधीपासून ठाऊक होतं. अडचण एवढीच, की प्रकाश एका जागी दाटत नाही, पळून जातो. नाडगौडांनी अशी काच तयार केली होती, की तिच्यात शिरलेला प्रकाश बैलगाडीच्या चालीनं चालायचा. त्या काचेच्या केसाएवढ्या तारेचे लाखो वेढे एका मोठ्या शेडभोवती गुंडाळायचे आणि त्यांत रात्रंदिवस प्रकाश ओतत राहायचं. पुढचा बाहेर पडायच्या आत मागचा येऊन भिडतो, साठतो, गरगर वळत राहतो आणि आतला काळ आपल्यासोबत ओढतो. प्रकाश एका दिशेनं वळवला तर आतला काळ पळतो. उलट वळवला तर रेंगाळतो.

"पळतो म्हणजे किती?" वैजानं विचारलं.

"एकाला बारा. बाहेर एक महिना झाला, की आत वर्ष झालेलं असतं."

पाच वर्षांचं काम पाच महिन्यांत होणार होतं, हे सगळ्यांच्या लक्षात आलं होतं. वैजाच्या आणखी काही लक्षात आलं.

"आणि आमचं अंग? ते कोणता काळ धरणार?"

नाडगौडांनी चष्मा काढून पुसला. "आतला. तुम्ही पाच वर्षांनी मोठ्या होऊन बाहेर याल."

"माझी पोरगी नऊ वर्षांची आहे."

"ती पाच महिन्यांनी मोठी झालेली असेल."

माणूस खोटं बोलला नाही, एवढं वैजानं मनात नोंदवून ठेवलं.

घरी नवरा उत्तम काहीच बोलला नाही. कंपनीचा बियाण्यांचा टेम्पो चालवणारा तो साधा माणूस. कठीण प्रश्न आला की गाडीखाली शिरून नटबोल्ट आवळत बसायचा. बोलली ती वैजाची आई कौसल्याबाई, जी शेजारच्याच घरात राहायची.

"जाय," माय म्हणाली. "दुसऱ्या कुणाच्या हातानं होत असतं, तर तुला म्हणले नसते. पोरीला मी बघते."

*

वैजा आत गेली ती दसऱ्याला. बाहेर आली होळीच्या आसपास. मधे बाहेर पाच महिने झाले होते आणि तिची पाच वर्षं.

आतली दुनिया म्हणजे काचेच्या भिंतींची शेड, दिव्यांचा सूर्य, दीडशे वाफे, बायकांची राहायची खोली आणि स्वयंपाकघर. काचेतून बाहेर पाहिलं, तर बाहेर सगळं तांबूस, विटकं आणि संथ दिसायचं. फाटकावरचा पहारेकरी एक पाऊल उचलायचा आणि ते टेकेपर्यंत वैजाची गाण्याची एक ओळ म्हणून व्हायची. एकदा एक कावळा पंख पसरून हवेत तरंगताना दिसला; त्याचा एक-एक पंख असा निवांत खाली यायचा, की शकीला म्हणाली, "याला घरी कुणी वाट बघणारं दिसत नाही." बाहेरचा एक दिवस आत बारा दिवस पुरायचा. सहा दिवस बाहेर अंधारच.

फोन चालत नव्हता. चिठ्ठ्या यायच्या. पल्लवी रोज एक चिठ्ठी लिहायची, ती वैजाला बारा दिवसांनी एक मिळायची. 'मम्मी, माझा पुढचा दात पडला,' असं पल्लवीनं लिहिलं, आणि तो दात उगवल्याची बातमी यायला वैजाला पावणेदोन वर्षं लागली. त्या पावणेदोन वर्षांत तिनं ज्वारीच्या पाच पिढ्या वाढवल्या. कुठल्या कणसाचे पराग कुठल्या कणसाला दिले, दाणा कसा आला, राखेची भुकटी फवारल्यावर कोणतं ताट तगलं, हे सगळं ती रोज एका वहीत टिपायची. सातव्या पिढीत कडूपणा गेला. अकराव्या पिढीत दाणा भरला. पंधराव्या पिढीची पहिली भाकरी बावीस जणींनी वाटून खाल्ली, तेव्हा लोचना नावाची त्यांच्यातली सगळ्यांत अबोल बाई तोंडात घास ठेवून रडली.

बाहेर आल्यावर पल्लवी धावत येऊन बिलगली आणि शाळेतल्या कुणाकुणाची तक्रार सांगायला लागली. काल संध्याकाळी अर्धवट राहिलेली गोष्ट पुढं सुरू करावी, तशी. वैजाला त्या मैत्रिणींची नावं आठवत नव्हती. लेकीच्या आवाजाचीच तिला सवय करून घ्यावी लागली. पाच महिने तिला न भेटलेल्या मुलीला ती पाच वर्षं भेटली नव्हती, आणि हे अंतर दोघींपैकी फक्त एकीलाच दिसत होतं.

त्या बियाण्याला लोकांनी 'पंधरावी' हे नाव दिलं. दोन हंगामांत राख हटली. बावीस जणींचा जिल्ह्याच्या गावी सत्कार झाला, शाली मिळाल्या, फोटो निघाले. वैजाला खरंच अभिमान वाटला. पुढं जे झालं त्याचा राग आल्यावरही त्या पाच वर्षांचा तिला कधी पस्तावा झाला नाही.

*

गोष्ट तिथं संपायला हवी होती. पण शेडभोवतीचं ते प्रकाशाचं वलय बंद झालं नाही.

एकदा बंद केलं तर पुन्हा भरायला सहा महिने लागतात, असं कारण मॅनेजर भारसाकळे सांगायचा. मग चालूच आहे तर उपयोग करू या. आधी तुरीचा वाण आला. तो गरजेचा होता. मग लाल कणसाची ज्वारी, मग लाह्या मोठ्या फुटणारी, मग परदेशात पाकिटातून विकायची पांढरीशुभ्र. प्रत्येक फेरी बाहेरच्या पंधरा दिवसांची, आतली सहा महिन्यांची. करारपत्रावर 'सेवाकाळ: पंधरा दिवस' एवढंच असायचं. वर्षाला चार फेऱ्या.

वैजा जात राहिली. नाही का म्हणाली नाही, असं पुढं लोकांनी तिला विचारलं, आणि तिनंही स्वतःला विचारलं. उत्तर एक नव्हतं. दरवेळी ही शेवटची असं सांगत. तिच्याशिवाय नव्या मुलींना शिकवणारं कुणी नव्हतं. आणि खरं सांगायचं, तर ते काम तिला फार सुंदर यायचं. माणसाला जे सुंदर येतं, त्याच वाटेनं त्याला फसवणं सोपं असतं.

सहा वर्षांत चोवीस फेऱ्या झाल्या. कागदावर वैजा सदतीस वर्षांची होती. गुडघ्यांवर, केसांवर, चेहऱ्यावर ती त्रेपन्न वर्षांची होती. तिची माय सतरा वर्षांची असताना ती झाली होती; म्हणजे माय चोपन्न. दोघी अंगणात शेंगा निवडायला बसल्या की येणारा-जाणारा 'दोघी बहिणी का?' म्हणून विचारायचा. मायला ते आवडायचं नाही.

उत्तमच्या चुलतभावाच्या लग्नात मुलीकडच्या एका बाईनं वैजाच्या पाया पडून म्हटलं, "तुमचा मुलगा फार कष्टाळू आहे हो, मावशी. सकाळपासून धावतोय." ती उत्तमबद्दल बोलत होती. उत्तम चार पावलांवर पाण्याचा जार घेऊन उभा होता. त्यानं ऐकलं. तो जार घेऊन आत गेला.

त्या दिवशी परतताना टेम्पोत वैजा म्हणाली, "सांगायचं होतं ना, बायको आहे म्हणून."

"लोक हसले असते."

"मला की तुला?"

उत्तमनं गिअर बदलला.

त्याच हिवाळ्यात लोचना गेली. मेंदूत रक्तस्राव झाला. वैजा तिला अंघोळ घालायला गेली, तेव्हा तिचे पांढरे केस उलगडून पाठीखाली पसरले होते. गावच्या नोंदीत लिहिलं गेलं: वय एकेचाळीस. वैजानं तो कागद हातात धरला आणि तिला पहिल्यांदाच भीतीऐवजी संताप आला. बाई जगली किती, तेसुद्धा कुणी खरं लिहायला तयार नव्हतं.

महिन्याभरात वैजाच्याच डोळ्यांसमोर धूर यायला लागला. दवाखान्यातल्या डॉक्टरनं बॅटरी मारून पाहिलं. मोतीबिंदू. शस्त्रक्रिया मोफत होती, पण पन्नाशीपुढच्यांना. खिडकीतल्या माणसानं तिचं कार्ड पाहिलं, तिच्याकडं पाहिलं, पुन्हा कार्ड पाहिलं.

"मावशी, तुमच्या मुलीचं कार्ड आणलंय तुम्ही."

"माझंच आहे."

"अहो, यावर सदतीस आहे."

"ते चुकलंय," वैजा म्हणाली.

"जन्मतारीख चुकलीय?"

"जन्मतारीख बरोबर आहे. वय चुकलंय."

मागच्या रांगेत कुणीतरी हसलं. वैजा वळली नाही. बाहेर येऊन तिनं शकीलाला फोन लावला आणि म्हणाली, "सोमवारच्या फेरीला कुणी आत जायचं नाही. सगळ्यांना माझ्या घरी बोलाव."

*

सोमवारी सकाळी सहाला जुन्या एकवीस बायका आणि नव्या मुली कंपनीच्या फाटकाबाहेर सतरंजी टाकून बसल्या. मागणी एकच होती: आतली वर्षं कागदावर धरा. त्यांनी घोषणा दिल्या नाहीत. त्यांना घोषणांची गरज नव्हती, कारण वलय त्यांच्या बाजूनं काम करत होतं.

वैजानं दिवस विचारपूर्वक निवडला होता. दोन फेऱ्यांच्या मधे पेरायचं, पाणी द्यायचं काम यंत्रं करायची; बायकांशिवाय अडायचं ते फुलोऱ्यात. आतली पांढरी ज्वारी नवव्या पिढीत होती आणि त्याच दिवशी फुलावर येणार होती. कणसावर वेळेत पिशव्या चढल्या नाहीत, तर वाऱ्याच्या पंख्यानं सगळे पराग एकमेकांत मिसळणार, शुद्ध वाण संपणार, आठ पिढ्यांची मेहनत पाण्यात. फुलोरा सात दिवस टिकतो. आतले सात दिवस म्हणजे बाहेरचे चौदा तास. सकाळी सहा ते रात्री आठ.

सात वाजता भारसाकळे हसत आला. आठला त्यानं चहा पाठवला. बायकांनी चहा घेतला, पण त्या उठल्या नाहीत. नऊला त्याचा आवाज चढला.

"आतमध्ये दीड दिवस गेलाय! फुलं उमलायला लागली!"

"आम्हाला दिसतंय," वैजा म्हणाली.

दिसत होतंच. फाटकापासून पन्नास पावलांवर शेड होती. बाहेरून आत पाहिलं की उलट दिसायचं: सगळं निळसर आणि लगबगीचं. कणसं पानांच्या पोटरीतून वर सरकताना दिसत होती, जणू कुणीतरी खालून ढकलतंय. फुलं उमलत होती, परागाचा पिवळा धुरळा उठत होता, खाली बसत होता. नव्या मुलींतली एक रडायला लागली. त्या झाडांच्या मागच्या पिढ्या तिनं वाढवल्या होत्या.

"रड," वैजा तिला म्हणाली. तिचेही डोळे भरले होते, आणि ते मोतीबिंदूमुळं नव्हतं. "पण उठू नकोस."

अकराला कामगार अधिकारी आल्या. कातकडे मॅडम, चाळिशीच्या. भारसाकळेनंच त्यांना बोलावलं होतं, बायकांना उठवायला. त्या मात्र सतरंजीवर बसल्या आणि दोन्ही बाजू ऐकून घेऊ म्हणाल्या.

"मॅडम, प्रश्न सोपा आहे," भारसाकळे म्हणाला. "कायद्यात घड्याळ एकच आहे, बाहेरचं. या बायका आत पंधरा दिवस जातात, आम्ही पंधरा दिवसच लावतो. आत त्यांना काय वाटतं, किती दिवस गेल्यासारखं वाटतं, त्याला कायदा काय करणार?"

"वाटतं?" शकीला उसळली. "माझे गुडघे काय मला वाटतात?"

"वैद्यकीय तपासणी करू. पण वय हे जन्मतारखेवरून ठरतं. आतला काळ हा कायद्यानं काळच नाही."

वैजा शांत होती. "मॅडम, यांना विचारा, पंधरावी किती वर्षांत तयार झाली?"

भारसाकळे थबकला. "ते वेगळं आहे."

"वाणाला मंजुरी मिळवायला तीन वर्षांच्या चाचण्या लागतात. तुम्ही कुठल्या दाखवल्या? बाहेर तर पाचच महिने झाले होते."

"ती तांत्रिक बाब आहे. ज्वारीच्या बाबतीत पिढ्या..."

तेवढ्यात रस्त्यावर टेम्पोचा हॉर्न वाजला. उत्तमचा टेम्पो होता, पंधरावीची पोती भरलेला, परभणीच्या वाटेवर निघालेला. तो खाली उतरला, मागची साखळी काढली, एक पोतं खांद्यावर घेतलं आणि सतरंजीच्या कडेला आणून टाकलं.

"हे वाचा, मॅडम," तो म्हणाला. "मी सहा वर्षं हे रोज वाहतोय. आज पहाटे भरताना नीट वाचलं." मग वैजाकडं हात करून, जमलेल्या सगळ्यांना ऐकू जाईल असा तो म्हणाला, "ही माझी बायको आहे."

पोत्यावर हिरव्या अक्षरांत छापलेलं होतं. कातकडे मॅडमनी मोठ्यानं वाचलं: "पंधरा पिढ्या, पाच वर्षांच्या काटेकोर चाचणीनंतर शासनमान्य."

"त्या पाच वर्षांच्या चाचण्यांची वही माझ्या हातची आहे," वैजा म्हणाली. "रोजची तारीख, रोजची नोंद. तीच वही तुम्ही मंजुरीला जोडली. ज्वारीची पाच वर्षं खरी, अन् तिच्या शेजारी उभं राहून ती लिहिणाऱ्या बाईची खोटी? एकाच छपराखाली, एकाच उजेडात? काहून?"

भारसाकळेनं खिशातून फोन काढला. मग तो फोनवर बोलत आत गेला.

दुपारभर फोन चालू राहिले. चारला निरोप आला, की आता कामावर जा, बोलणी नंतर करू. बायका बसून राहिल्या. सहाला निरोप आला, की दुप्पट सुट्टी देऊ. बायका बसून राहिल्या. अंधार पडता पडता शेडमधल्या निळ्या उजेडात फुलोरा मावळला, धुरळा बसला, मिसळलेले दाणे भरायला लागले. आठ वाजता वैजा उठली. पायांना मुंग्या आल्या होत्या. तिनं काचेकडं एकदा पाहिलं. आठ पिढ्या तिनं स्वतः उभ्या केल्या होत्या. एखाद्याचं घर आपल्या हातानं पाडल्यासारखं तिला वाटत होतं. तरी तिनं सतरंजी झटकली आणि नीट घडी घातली.

कातकडे मॅडमनी आपल्या अहवालात एक वाक्य लिहिलं: 'वलयातील काळ कंपनीने उत्पादनासाठी ग्राह्य धरला असल्याने तो कामगारांसाठी अग्राह्य धरता येत नाही.' प्रकरण न्यायालयात गेलं.

*

तीन आठवड्यांनी नाडगौडा घरी आले. या सहा वर्षांत ते स्वतः एकदाही आत गेले नव्हते. केस अजून निम्मे काळे होते. अंगणात खुर्ची दिली तर ते संकोचून तिच्या टोकावर बसले. माय, उत्तम आणि आता पंधरा वर्षांची झालेली पल्लवी तिथंच होते.

"वैजाताई, मी कंपनीतर्फे आलोय, पण मलाही मनापासून वाटतं म्हणून आलोय," ते म्हणाले. "आम्ही दुसरं वलय उभं केलंय. उलट्या दिशेचं. त्यात काळ रेंगाळतो. तुम्ही आत सतरा महिने राहायचं. काम काही नाही, नुसतं राहायचं. बाहेर तोवर सतरा वर्षं होतील. बाहेर याल तेव्हा तुमचं शरीर आणि तुमचा कागद, दोन्ही एकाच वयाचे असतील. गेलेली वर्षं परत देता येत नाहीत, पण चूक दुरुस्त होईल. मग खटल्याचीही गरज राहणार नाही."

वैजानं उत्तमकडं पाहिलं. सतरा वर्षांनी तो तिच्याच वयाचा झाला असता. लग्नात कुणी हसलं नसतं. त्याच्याही डोळ्यांत क्षणभर तो हिशेब येऊन गेला, हे तिला दिसलं, आणि त्याबद्दल तिनं त्याला मनातच माफ केलं.

मग तिनं पल्लवीकडं पाहिलं. बत्तीस वर्षांची पल्लवी. मायकडं पाहिलं. एकाहत्तरची माय, असली तर.

"सर, एक सांगा," ती म्हणाली. "चूक कुठं आहे?"

"म्हणजे?"

"तुम्ही म्हणता, चूक दुरुस्त होईल. चूक माझ्यात आहे का कागदात?"

नाडगौडांनी चष्मा काढला.

"मी जगले ती वर्षं चूक नाहीत," वैजा म्हणाली. "पहिली पाच तर मी आपल्या खुशीनं दिली, अन् अजून दिली असती. नंतरच्यांबद्दल मला फसवलं, पण तीही मी जगलेच. लोचनासोबत जगले. तिथं शिकले, तिथं भांडले, तिथं माझे केस पिकले. आता कागद चुकलाय म्हणून मी अजून सतरा वर्षं लेकीपासून दूर बसू? कागद जुळावा म्हणून? माझ्यात काही चूक नाही, सर. कागद बदला."

"कायदा बदलायला फार वेळ लागेल."

"लागू द्या. तो वेळ मी इथं काढीन. बाहेरच्या घड्याळावर. सगळ्यांच्या सोबत."

निघताना नाडगौडा म्हणाले, "मी न्यायालयात साक्ष देईन. आतला काळ किती खरा आहे, ते माझ्याइतकं कुणाला सांगता येणार नाही."

"द्या," वैजा म्हणाली. "अन् त्याआधी एकदा आत जाऊन या. पंधरा दिवस. मग सांगा."

ते गेले. आणि खरंच आत गेले. सहा महिने आत राहून आले तेव्हा त्यांच्या कानशिलावरचे केस पांढरे झाले होते, आणि साक्षीच्या दिवशी वकिलानं 'आतला काळ हा भास नव्हे काय?' असं विचारल्यावर त्यांनी एवढंच उत्तर दिलं, "मी आत असताना माझी आई आजारी पडल्याची चिठ्ठी आली. दुसरी चिठ्ठी यायला मला चोवीस दिवस लागले. तुम्ही ते चोवीस दिवस भास म्हणून दाखवा."

निकाल यायला सव्वा वर्ष लागलं. जन्मतारीख बदलली नाही. पण कार्डावर तिच्याखाली एक नवी ओळ आली: 'जगलेले वय'. वलयात जाणाऱ्या प्रत्येकाची आतली वर्षं त्या ओळीत धरायची, आणि किती धरली जाणार ते आत जाण्याआधी करारावर लिहायचं. वलय चालूच राहिलं. त्या अटीवर शकीला एकदा पुन्हा आतही गेली, गव्हावर नवा रोग आला तेव्हा, आपल्या मर्जीनं. लोचनाच्या नोंदीतलं वयही तिच्या मुलानं खेटे घालून दुरुस्त करून घेतलं.

वैजा पुन्हा आत गेली नाही. डोळ्याची शस्त्रक्रिया झाली आणि ती गावातल्या मुलींना चिमटा धरायला शिकवू लागली, उघड्या रानात, जिथं एक पीक यायला चार महिने लागतात आणि त्यांचे चारच महिने होतात.

नवं कार्ड आलं त्या दिवशी माय भिंतीला टेकून बसली होती. तिला वाचता येत नसे. तिनं कार्ड हातात घेऊन उलटंपालटं केलं.

"यावर काय लिवलंय?"

"चोपन्न."

मायनं कार्ड परत दिलं. गेली कित्येक वर्षं तिच्या मनात एक प्रश्न होता आणि तो विचारायची तिची छाती होत नव्हती. आज तिनं विचारला.

"मग आता तू माझ्यापेक्षा मोठी का लहान?"

"एका वर्षानं लहान, माय," वैजा म्हणाली, आणि तिच्या शेजारी भिंतीला टेकून बसली. "अन् आता लहानच राहणार."